कौल आणि मोजणी : काँग्रेस-अध्यक्षपदाच्या निवडणुकांच्या नोंदींचा विचार

निवडणुकीचा निकाल हा इतिहासाचा सर्वांत निर्विवाद पुरावा होय, असा एक समज अभ्यासकांत रूढ आहे. सनदेचे अक्षर संशयास्पद असू शकते, बखरकाराचा पक्षपात उघड असतो, आत्मचरित्रकाराची स्मृती त्याला सोयीचे तेवढेच आठवते. परंतु मतांचा आकडा हा अखेर आकडाच, त्यात मतभेदाला जागा कोठून असणार, असे मानले जाते. या समजाची परीक्षा करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. परीक्षेचे क्षेत्र मुद्दाम मर्यादित ठेवले आहे. भारतीय राष्ट्रीय काँग्रेसच्या अध्यक्षपदासाठी १९३९, १९५०, १९९७, २००० व २०२२ या वर्षी ज्या लढती झाल्या, त्यांच्या निकालांची नोंद कशी झाली, त्या नोंदींतून काय कळते आणि काय कळत नाही, एवढाच प्रश्न येथे विचारार्थ घेतला आहे.

हे क्षेत्र निवडण्याचे कारण असे. अमेरिकेत राष्ट्राध्यक्षपदाच्या मुख्य निवडणुकीपूर्वी प्रत्येक पक्षाचा उमेदवार ठरविण्यासाठी राज्याराज्यांत मतदान होते. त्या पद्धतीला आपल्याकडे काही वृत्तपत्रे ‘प्राथमिक निवडणूक’ म्हणतात. हे भाषांतर समाधानकारक नाही. मराठीत ‘प्राथमिक’ म्हटले की शाळा आठवते, किंवा पुढे ‘माध्यमिक’ असे काही येणार अशी अपेक्षा निर्माण होते. ‘उमेदवारनिवड’ हा साधा शब्द अधिक अर्थवाही ठरेल. अशी उमेदवारनिवड आपल्या देशात रूढ नाही. तिला सर्वांत जवळची अशी आपल्याकडील संस्था म्हणजे पक्षाच्या प्रतिनिधींनी मतपत्रिकेद्वारे केलेली पक्षाध्यक्षाची निवड. दोहोंत भेद आहेत व ते लहान नाहीत. अमेरिकेत सामान्य मतदार भाग घेतो, येथे निवडलेले प्रतिनिधी. तेथे शासनाच्या पदाचा उमेदवार ठरतो, येथे संघटनेचा प्रमुख. तथापि एका बाबतीत साम्य आहे आणि तेच आपल्या दृष्टीने महत्त्वाचे. दोन्हीकडे एकाच घरची माणसे परस्परांविरुद्ध मोजली जातात व मोजणीनंतर त्यांना पुन्हा एकत्र नांदावयाचे असते. भांडण घरातले आणि हिशेब चव्हाट्यावरचा, अशी ही अवस्था आहे. म्हणूनच अशा निकालाची नोंद नेहमीच थोडी अवघडलेली असते.

नोंदीकडे वळण्यापूर्वी आपल्या भाषेतील निवडणूकविषयक शब्दांकडे पाहणे उपयुक्त ठरेल. ‘निवडणूक’ हा शब्द ‘निवडणे’ या धातूपासून आला आहे. धान्य निवडणे म्हणजे खडे बाजूला काढणे. तेथे मोजणी अभिप्रेत नाही. ‘मत’ हा शब्द संस्कृत ‘मन्’ धातूपासून आलेला, त्याचा मूळ अर्थ विचार वा अभिप्राय. हा अभिप्राय जेव्हा कागदावरील खूण बनतो, तेव्हाच तो मोजता येतो. आणि खूण बनताना त्याच्यातील कारणे गळून पडतात. तिसरा शब्द ‘कौल’. तो मूळचा अरबी, अर्थ वचन अथवा शब्द. जुन्या मराठी कागदपत्रांतील ‘कौलनामा’ म्हणजे रयतेला दिलेले अभयवचन. कोकणात मात्र ‘कौल’ म्हटले की देवालय आठवते. देवाच्या पाषाणावर ओल्या पाकळ्या वा तांदूळ लावावयाचे, गुरवाने गाऱ्हाणे घालावयाचे, आणि उजवीकडचे आधी पडले तर होकार व डावीकडचे पडले तर नकार समजावयाचा, असा सर्वसाधारण संकेत. या कौलात मोजणी नसते, मताधिक्य नसते, आणि हरलेला पक्षही नसतो. कारण ज्याच्या विरुद्ध कौल पडला तो देवाशी वाद घालीत नाही. निवडणुकीच्या निकालास ‘जनतेचा कौल’ म्हणणारा मराठी लेखक नकळत मोजणीचे रूपांतर दैवी आज्ञेत करीत असतो, हे येथे लक्षात ठेवावे.

उमेदवाराविषयी बोलताना मराठी भाषा याहून पुष्कळच काटेकोर आहे. उमेदवार ‘उभा राहतो’, माघार घेतो तेव्हा तो ‘बसतो’, आणि हरतो तेव्हा ‘पडतो’. एवढेच नव्हे, तर या क्रियापदांची प्रयोजक रूपेही प्रचारात आहेत. उमेदवाराला ‘उभे केले जाते’, ‘बसविले जाते’ आणि ‘पाडले जाते’. बसला आणि बसविला, पडला आणि पाडला, यांतील अंतर कोकणातल्या कोणत्याही बाजारपेठेत बसलेल्या माणसास समजते. निकालाच्या तक्त्यास मात्र ते समजत नाही. तक्त्यात कर्ता असतो, करविता नसतो. या लेखातील पुढील विवेचनाचा बराचसा भार या एका भेदावर आहे.

मोजणीपूर्व काळाचा विचार प्रथम करू. काँग्रेसच्या आरंभीच्या अधिवेशनांत अध्यक्षाची निवड मतपत्रिकेने होत नसे. स्वागत समितीने नाव सुचवावे आणि सभेने त्याचे स्वागत करावे, अशी ती रीत होती. रत्नागिरी जिल्ह्यातील कोतळूक येथे १८६६ साली जन्मलेले गोपाळ कृष्ण गोखले १९०५ च्या बनारस अधिवेशनाचे अध्यक्ष झाले. त्यांच्या विरुद्ध किती मते पडली असा प्रश्नच संभवत नाही. ही रीत कोठे मोडली, तर १९०७ साली सुरतेस. अधिवेशन आधी नागपूरला व्हावयाचे होते, ते सुरतेस नेण्यात आले. राष्ट्रीय पक्षाच्या मनात लाला लजपतराय यांचे नाव होते. परंतु त्यांनी स्वतःच नकार दिला. नेमस्तांनी डॉ. रासबिहारी घोष यांना अध्यक्ष केले. रत्नागिरीस १८५६ साली जन्मलेले लोकमान्य टिळक सूचना मांडण्यासाठी व्यासपीठावर गेले, त्यांना बोलू देण्यात आले नाही, आणि पुढे जे झाले ते सर्वश्रुत आहे. एका जोड्याची कथा प्रत्येक पाठ्यपुस्तकात येते. परंतु विचार करण्याजोगी गोष्ट ही की, मंडपात कोणत्या बाजूस किती प्रतिनिधी होते याची मोजणी त्या दिवशी झालीच नाही. ज्या ठिकाणी मोजणीची व्यवस्था नसते, तेथे बहुमताचा दावा दोन्ही पक्ष करू शकतात व इतिहासकारास दोहोंपैकी एकाही दाव्याची तपासणी करता येत नाही.

याच काळातील दुसरे उदाहरण याहून बोलके आहे. काँग्रेसच्या अध्यक्षांची जी यादी सर्वत्र छापली जाते, तीत टिळकांचे नाव नाही. यावरून त्यांची निवड कधी झालीच नाही, असे विद्यार्थी समजतात. वस्तुस्थिती अशी की, १९१८ च्या दिल्ली अधिवेशनासाठी टिळकांची अध्यक्ष म्हणून निवड झाली होती. चिरोल यांच्यावरील दाव्यासाठी त्यांना विलायतेस जावे लागले आणि अध्यक्षस्थान पंडित मदनमोहन मालवीय यांनी भूषविले. यादी खोटी नाही. अध्यक्षस्थानी कोण बसले, याची ती यादी आहे. कोण निवडले गेले, याची नव्हे. या दोन भिन्न प्रश्नांना एकच यादी उत्तर देते असे आपण गृहीत धरतो, आणि चूक तेथे होते. नोंदीची टीका करावयाची ती तिच्या असत्याबद्दल क्वचितच करावी लागते. बहुधा ती कोणत्या प्रश्नाचे उत्तर आहे हे न सांगितल्याबद्दल करावी लागते.

१९२९ च्या लाहोर अधिवेशनापूर्वी प्रांतिक समित्यांनी जी नावे सुचविली, त्यांत दहा समित्यांनी महात्मा गांधींचे, पाचांनी वल्लभभाई पटेलांचे व तिघांनी जवाहरलाल नेहरूंचे नाव दिले. गांधीजींनी नकार दिला, आणि अखिल भारतीय समितीने निवड केली ती नेहरूंची. म्हणजे प्रांतांच्या पसंतीत जे तिसरे होते ते अध्यक्ष झाले. हा निकाल विचित्र वाटतो तो आपण समित्यांच्या सूचनेस मतदान समजतो म्हणून. सूचना बंधनकारक नव्हती, आणि अध्यक्ष ठरविण्याचा अधिकार दुसऱ्या मंडळाकडे होता. अमेरिकेतील उमेदवारनिवडीच्या इतिहासातही नेमका हाच पेच अनेकदा आढळतो. १९१२ साली रिपब्लिकन पक्षात थिओडोर रूझवेल्ट यांनी राज्यांतील बहुसंख्य लढती जिंकल्या, तरी शिकागोच्या अधिवेशनाने उमेदवारी दिली ती टॅफ्ट यांना. १९६८ साली ह्यूबर्ट हम्फ्री यांनी राज्यांतील एकही लढत न लढविता डेमोक्रॅटिक पक्षाची उमेदवारी मिळविली. त्यानंतर झालेल्या असंतोषातून मॅकगव्हर्न-फ्रेझर आयोग नेमला गेला व १९७२ पासून मतदानाचे महत्त्व वाढले. ज्या मोजणीने काही ठरत नाही, तिचे आकडे ठरविणाऱ्या मोजणीच्या आकड्यांशेजारी एकाच तक्त्यात मांडले, तर वाचक फसतो.

आता १९३९ च्या निवडणुकीकडे येऊ. आदल्या वर्षी हरिपुरा येथे सुभाषचंद्र बोस बिनविरोध अध्यक्ष झाले होते. दुसऱ्या वर्षासाठी ते पुन्हा उभे राहिले. मौलाना आझाद यांचे नाव पुढे आले होते. त्यांनी माघार घेतली. डॉ. पट्टाभी सीतारामय्या रिंगणात राहिले. कार्यकारिणीतील सात सभासदांनी मतदानापूर्वी एक पत्रक काढले. वल्लभभाई पटेल, राजेंद्रप्रसाद, कृपलानी, जयरामदास दौलतराम, जमनालाल बजाज, भुलाभाई देसाई आणि महाराष्ट्राचे शंकरराव देव हे ते सात होत. अध्यक्षाची निवड एकमताने व्हावी ही परंपरा आहे आणि ती राखणे इष्ट आहे, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. सुभाषबाबूंचे उत्तर असे की, प्रश्न व कार्यक्रम यांच्या आधारेच निवडणूक लढविली जावी. २९ जानेवारी १९३९ रोजी प्रतिनिधींनी आपापल्या प्रांतांत मतदान केले. सुभाषबाबूंना १५८० व पट्टाभींना १३७७ मते मिळाली. अंतर २०३ मतांचे, आणि सुभाषबाबूंचा वाटा सुमारे ५३ टक्के.

या निकालाची नोंद आकड्याने संपत नाही. दोन दिवसांनी गांधीजींनी जे निवेदन केले त्याचा आशय सर्वांस ठाऊक आहे. आझादांनी माघार घेतल्यावर पट्टाभींनी मागे हटू नये यासाठी आपण कारण झालो असल्याने हा पराभव त्यांच्यापेक्षा आपला अधिक आहे, असे त्यांनी जाहीर केले. वर सांगितलेल्या व्याकरणाच्या परिभाषेत बोलावयाचे तर गांधीजींनी कर्तरी प्रयोगाचे रूपांतर प्रयोजकात केले. तक्ता म्हणतो, पट्टाभी उभे होते. निवेदन म्हणते, त्यांना उभे ठेवले होते. एकदा करविता पुढे आला की निकालाचा अर्थही बदलतो. १५८० मते पट्टाभींच्या विरुद्ध होती की गांधीजींच्या, हा प्रश्न मतदारांना कोणी विचारला नव्हता. मतपत्रिकेवर ते नाव नव्हते. तरीही पुढील घटना दुसऱ्या अर्थानुसार घडल्या. फेब्रुवारीत कार्यकारिणीच्या बहुसंख्य सभासदांनी राजीनामे दिले. मार्चमध्ये त्रिपुरी येथे गोविंदवल्लभ पंतांचा ठराव संमत झाला व कार्यकारिणी गांधीजींच्या इच्छेनुसार नेमावी असे ठरले. एप्रिलच्या अखेरीस कलकत्त्यास सुभाषबाबूंनी राजीनामा दिला आणि राजेंद्रप्रसाद त्यांच्या जागी आले. तीन महिन्यांत मोजणी तीच राहिली आणि निकाल उलटला.

येथे नोंदकर्त्याचाही विचार करणे प्राप्त आहे. काँग्रेसचा जो दोन खंडांचा इतिहास बराच काळ अधिकृत म्हणून वाचला गेला, त्याचे लेखक स्वतः पट्टाभी सीतारामय्या होत. पहिला खंड १९३५ साली, दुसरा १९४७ साली प्रसिद्ध झाला, आणि १९३९ चे प्रकरण दुसऱ्या खंडाच्या कालमर्यादेत येते. दुसऱ्या बाजूस सुभाषबाबूंनीही स्वातंत्र्यसंग्रामाचा आपला वृत्तांत १९४२ पर्यंत आणून ठेवला आहे. म्हणजे या लढतीचा इतिहास प्रामुख्याने दोन्ही उमेदवारांनीच लिहिला. मराठी वाचकास बखरवाङ्मयाचा अनुभव असल्याने ही स्थिती नवी नाही. लढलेल्या सरदाराच्या कारकुनाने लढाईची बखर लिहावी, तसा हा प्रकार. यात अप्रामाणिकपणाचा आरोप नाही. परंतु अशा वृत्तांतांच्या मधे आकड्यांचा स्वतंत्र, प्रांतवार तक्ता उपलब्ध असणे किती मोलाचे आहे, हे यावरून दिसते. तसे प्रांतवार आकडे त्या वेळी प्रसिद्ध झाले, म्हणूनच बंगालने सुभाषबाबूंस आणि आंध्र व गुजरात यांनी पट्टाभींस प्रचंड मताधिक्य दिले, हे आज निश्चितपणे सांगता येते. एका अखिल भारतीय आकड्यात जो ‘कौल’ दिसतो, तो उलगडला असता परस्परविरुद्ध अनेक प्रादेशिक कौलांची बेरीज आहे असे आढळते.

१९४८ साली पट्टाभी पुरुषोत्तमदास टंडन यांना हरवून अध्यक्ष झाले, आणि १९५० साली टंडन पुन्हा उभे राहिले. ही लढत मराठी वाचकास विशेष जवळची आहे; कारण पुढील अधिवेशन नाशिकला भरावयाचे होते आणि तीन उमेदवारांपैकी एक शंकरराव देव होते. एकमताच्या परंपरेसाठी १९३९ साली पत्रकावर सही करणारे देव व कृपलानी हे दोघेही अकरा वर्षांनी मतमोजणीस सामोरे गेले, ही गोष्ट केवळ विसंगती म्हणून दाखविण्यासारखी नाही. सत्ता नसलेल्या चळवळीत अध्यक्ष हा सभेचा प्रमुख असतो; सत्तारूढ पक्षात तोच मंत्रिमंडळाचा प्रतिस्पर्धी होऊ शकतो. पदाचा अर्थ बदलला म्हणून निवडीची रीत बदलली, असे समजणे अधिक न्याय्य होय.

निकाल असा होता : टंडन १३०६, आचार्य कृपलानी १०९२, शंकरराव देव २०२. एकूण २६०० मते. आपल्याकडील लेखनात हा निकाल पटेल आणि नेहरू यांच्यातील बळाची चाचणी म्हणून सांगितला जातो व देवांचा उल्लेख तळटीपेत उरकला जातो. आकडे लक्षपूर्वक वाचले तर ती तळटीपच बोलू लागते. टंडन व कृपलानी यांच्यातील अंतर २१४ मतांचे आहे, आणि देवांची मते २०२. म्हणजे देव बसले असते आणि त्यांची सर्वच्या सर्व मते कृपलानींकडे वळली असती, तरी कृपलानींची बेरीज १२९४ वर थांबली असती. टंडनांची स्वतःची मते कायम राहिली असती असे धरल्यास ते बारा मतांनी निवडून आलेच असते. देवांमुळे कृपलानी पडले, हे विधान आकड्यांच्या कसोटीस उतरत नाही. परंतु दुसरीही एक गोष्ट हेच आकडे सांगतात. २६०० चा अर्धा भाग १३००. टंडनांना निम्म्याहून केवळ सहा मते अधिक होती.

येथे ‘बहुमत’ या शब्दाची परीक्षा होते. मराठीत आपण हा शब्द दोन अर्थांनी वापरतो. निम्म्याहून अधिक मते हा एक अर्थ, आणि इतर कोणाहीपेक्षा अधिक मते हा दुसरा. दोन उमेदवार असतील तेव्हा दोन्ही अर्थ एकाच ठिकाणी येतात व घोटाळा लपून राहतो. तिसरा उमेदवार आला की तो उघडा पडतो. १९५० साली टंडनांना दोन्ही अर्थांनी बहुमत होते, परंतु पहिल्या अर्थाचे बहुमत केसाच्या अंतराने आणि दुसऱ्या अर्थाचे स्पष्ट अंतराने. निम्म्यावरच्या मतांसाठी ‘बहुमत’ आणि नुसत्या आघाडीसाठी ‘मताधिक्य’, असा भेद निदान विद्यापीठीय लेखनात तरी कटाक्षाने पाळला जावा, अशी येथे सूचना आहे.

या निकालाचे आयुष्यही अल्प ठरले. सप्टेंबर १९५१ मध्ये टंडनांनी राजीनामा दिला व नेहरू स्वतः अध्यक्ष झाले. कृपलानी त्याच वर्षी पक्षाबाहेर पडले. त्यांचा किसान मजदूर प्रजा पक्ष पुढे १९५२ मध्ये समाजवादी पक्षाशी एकत्र येऊन प्रजा समाजवादी पक्ष निर्माण झाला. याच पक्षाच्या वतीने बॅरिस्टर नाथ पै १९५७, १९६२ व १९६७ साली आपल्या राजापूर मतदारसंघातून लोकसभेवर गेले. नाथ पै यांचे यश त्यांचे स्वतःचे होते, त्याचे श्रेय १०९२ मतांना देणे हास्यास्पद होईल. तथापि ज्या पक्षाच्या नावाने कोकणाने त्यांना मत दिले, त्या पक्षाच्या वंशावळीत १९५० चा पराभव आहे, एवढे म्हणता येईल. हरलेल्यांच्या आकड्यांस पुढेही इतिहास असतो; केवळ विजेत्यांची यादी छापल्याने तो नाहीसा होतो.

१९९७ साली सीताराम केसरी यांना ६२२४, शरद पवार यांना ८८२ व राजेश पायलट यांना ३५४ मते पडली. २००० साली सोनिया गांधींना ७४४८ आणि जितेंद्र प्रसाद यांना ९४. १९३९ व १९५० चे आकडे आणि हे आकडे शेजारी ठेवले असता प्रथम नजरेत भरते ते अंतराचे प्रचंड वाढलेले प्रमाण. १९३९ मध्ये हरलेल्या उमेदवारास शेकडा ४६ हून अधिक मते होती. १९९७ मध्ये दोन्ही पराभूतांची बेरीज शेकडा सतराच्या आतली. २००० मध्ये शेकडा दीडहूनही कमी. यावरून पक्षातील मतैक्य वाढले असा निष्कर्ष काढणे घाईचे ठरेल. १९९७ चे विजेते केसरी मार्च १९९८ मध्ये पदावरून दूर झाले, आणि ८८२ मते मिळविणारे पवार १९९९ मध्ये वेगळा पक्ष काढून महाराष्ट्राच्या राजकारणात मध्यवर्ती राहिले. शेकडा त्र्याऐंशीचे मताधिक्य एक वर्षही पदास पुरले नाही. मोठे अंतर हे नेहमी मोठ्या पाठिंब्याचे चिन्ह असते असे नाही. लढत खरी आहे असे मतदारास वाटले नाही, तर तो आपले मत नोंदवीत नाही. आपली निष्ठा नोंदवितो. या दोहोंची खूण मतपत्रिकेवर एकच असते.

२०२२ ची निवडणूक नोंदीच्या दृष्टीने सर्वांत उद्बोधक आहे. १७ ऑक्टोबर रोजी मतदान झाले व १९ ऑक्टोबर रोजी निकाल लागला. मल्लिकार्जुन खर्गे ७८९७, शशी थरूर १०७२, बाद मते ४१६. पडलेली एकूण मते ९३८५. थरूर यांचा वाटा किती, या साध्या प्रश्नास दोन उत्तरे आहेत. वैध मते धरली तर शेकडा १२. पडलेली सर्व मते धरली तर शेकडा ११.४. फरक अल्प आहे, परंतु छेद न सांगता टक्केवारी देणे ही विद्यार्थ्यांच्या निबंधांतही वारंवार आढळणारी सवय आहे आणि ती येथे उघडी पडते.

बाद मतांचा आकडाही विचार करण्यासारखा. मतदार निरक्षर नव्हते, पक्षाचे निवडलेले प्रतिनिधी होते. उमेदवार दोनच होते. तरी दर शंभरांत चारांहून अधिक मते बाद ठरली. खुणेच्या बाबतीत मतदानापूर्वी एक वाद झाला होता. पसंतीच्या नावासमोर ‘१’ हा अंक लिहावा अशी प्रथम सूचना होती. मतपत्रिकेवर खर्गे यांचा अनुक्रमांक एक होता. अंकाने गोंधळ होईल अशी हरकत थरूर यांच्या बाजूने घेतली गेली आणि अंकाऐवजी बरोबरची खूण करावी असे ठरले. भाषाशास्त्राच्या अभ्यासकास हा वाद क्षुल्लक वाटू नये. ‘१’ हे चिन्ह एकाच कागदावर दोन कामे करू लागले, एका ठिकाणी नाव आणि दुसऱ्या ठिकाणी पसंती, की चिन्हाची निःसंदिग्धता संपते. जेथे चिन्हाचा अर्थ संदिग्ध, तेथे मोजणी कितीही प्रामाणिक असली तरी आकडा शुद्ध राहात नाही. बाद मते या कारणाने बाद झाली, असे येथे म्हणावयाचे नाही. एवढेच म्हणावयाचे आहे की खुणेचा नियम हा निकालाच्या नोंदीचा भाग मानला पाहिजे.

या वेळी सर्व राज्यांच्या मतपत्रिका मोजणीपूर्वी एकत्र मिसळण्यात आल्या. कोणत्या राज्याने कोणास मत दिले, हे कोणासही कळू नये हा हेतू. म्हणजे १९३९ मध्ये जे प्रांतवार चित्र मिळाले ते २०२२ मध्ये अभ्यासकास कायमचे अप्राप्य झाले. येथे आपला पक्ष सोडून विचार करावयास हवा. अभ्यासकाच्या दृष्टीने ही हानी आहे. परंतु ज्या प्रतिनिधीस आपल्या राज्यातील नेत्याचा रोष होण्याची भीती आहे, त्याच्या दृष्टीने हेच संरक्षण होय. नोंद जितकी तपशीलवार तितकी चांगली, हा आपला व्यावसायिक आग्रह सर्वत्र योग्य नाही. मतदाराचे स्वातंत्र्य आणि इतिहासकाराची सोय यांत विरोध आला, तर सोय मागे पडावी. मात्र मतदारयादीस हा बचाव लागू पडत नाही. यादी जाहीर करावी अशी मागणी पक्षातील काही नेत्यांनी निवडणुकीपूर्वी केली होती. कोणी कोणास मत दिले हे गुप्त असावे. मत देण्याचा अधिकार कोणास होता हे मात्र उघड असावे. पहिल्यावाचून मतदान मुक्त नाही, दुसऱ्यावाचून निकाल पडताळता येत नाही.

आणि पुन्हा, कोण बसले? या निवडणुकीपूर्वी दिग्विजय सिंह यांनी उभे न राहण्याचे जाहीर केले, व के. एन. त्रिपाठी यांचा अर्ज छाननीत फेटाळला गेला. तक्त्यात दोनच नावे राहिली. न उभा राहिलेला आणि उभा राहू न शकलेला, दोघांचीही तक्त्यात जागा रिकामीच दिसते.

अमेरिकेतील नोंदी अधिक विस्तृत आहेत, म्हणून त्या अधिक निर्दोष आहेत असे मानण्याचे कारण नाही. आयोवा राज्यातील रिपब्लिकन सभांनंतर जानेवारी २०१२ मध्ये मिट रॉम्नी आठ मतांनी पुढे असल्याचे जाहीर झाले. काही दिवसांनी प्रमाणित आकडे आले तेव्हा रिक सँटोरम २९८३९ व रॉम्नी २९८०५, म्हणजे सँटोरम चौतीस मतांनी पुढे, आणि आठ केंद्रांचे कागद मिळालेच नाहीत. पहिल्या रात्रीचा मथळा ज्यांनी वाचला त्यांतील किती जणांनी दुरुस्ती वाचली असेल? २००८ मध्ये मिशिगन राज्याच्या डेमोक्रॅटिक लढतीत बराक ओबामा यांचे नाव मतपत्रिकेवर नव्हतेच. तरी देशभरातील एकूण मतांत पुढे कोण, या वादात त्या राज्याची मते धरावीत की वगळावीत यावर उत्तर अवलंबून राहिले. २०२० मध्ये आयोवात डेमोक्रॅटिक पक्षाने प्रथमच मतांचे मूळ आकडे प्रसिद्ध केले, आणि मतांत बर्नी सँडर्स पुढे तर प्रतिनिधींच्या गणितात पीट बुटिजेज पुढे, असे दिसून आले. पूर्वीच्या वर्षी असे कधी झाले नव्हते काय? झालेही असेल, मूळ आकडे प्रसिद्ध होत नसल्याने ते कोणास कळण्याचा मार्ग नव्हता. विसंगती दिसू लागली ती नोंद बिघडल्यामुळे नव्हे, सुधारल्यामुळे.

या सर्व विवेचनातून निकालाच्या नोंदीसाठी एक किमान अपेक्षा मांडता येईल. मतदानाचा अधिकार किती जणांस व कोणत्या नियमाने होता. कोण उभे राहिले, कोण बसले आणि कोणाचा अर्ज गेला. कोणती खूण वैध मानली गेली. पडलेली, वैध व बाद मते प्रत्येकी किती. आणि मोजणी कोणत्या पातळीवर एकत्र करण्यात आली, ही पाच अंगे ज्या नोंदीत आहेत तिला पूर्ण नोंद म्हणावे. सहावे अंग, म्हणजे या निकालाने काय ठरले आणि तो किती काळ टिकला, हे नोंदकर्त्याचे नव्हे, भाष्यकाराचे काम. दोघांची कामे वेगळी ठेवली पाहिजेत. पट्टाभींचा पराभव कोणाचा होता हे तक्त्याने सांगू नये. आणि १३७७ हा आकडा भाष्यकाराने गाळू नये.

पदव्युत्तर वर्गातील विद्यार्थ्यांना राजकीय इतिहासावर प्रबंधिका लिहावयाची असते तेव्हा ते निवडणुकीचा निकाल एका वाक्यात देतात आणि लगेच कारणमीमांसेकडे वळतात. त्यांनी त्या एका वाक्यापाशी थोडे अधिक थांबावे. विरोध नसणे आणि संमती असणे या भिन्न गोष्टी आहेत. म्हणून ‘बिनविरोध’ असेल तेथे ‘एकमताने’ लिहू नये. ‘मताधिक्य’ असेल तेथे ‘बहुमत’ लिहू नये. आणि मोजलेल्या गोष्टीस ‘कौल’ म्हणताना आपण ती वादाच्या पलीकडे नेत आहोत, याचे भान ठेवावे. देवाचा कौल एकदा पडला की विषय संपतो. माणसांची मोजणी पुन्हा तपासता येते, आणि तशी तपासता यावी एवढ्यासाठीच तिची नोंद ठेवावयाची असते.